अपील दाखल झाले म्हणून आदेश थांबतो का? परभणी प्रकरणातले २६ दिवस आणि अवमानाचा कायदा

४ जुलै २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने सोमनाथ सूर्यवंशी यांच्या कोठडीतील मृत्यूप्रकरणी एक स्पष्ट आदेश दिला. त्यांच्या आईने १८ डिसेंबर २०२४ रोजी दिलेल्या तक्रारीवरून आठवडाभरात गुन्हा नोंदवा आणि तपास पोलीस उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याकडे द्या, असा तो आदेश होता. राज्य सरकार या आदेशाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेले. ३० जुलै २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सरकारची याचिका फेटाळली आणि खंडपीठाचा आदेश कायम राहिला. त्यानंतर परभणीत गुन्हा नोंद झाला.

४ जुलै ते ३० जुलै हे २६ दिवस होतात. मुदत सात दिवसांची होती. या काळात आमच्याकडे येणाऱ्या जवळपास प्रत्येक तरुण कार्यकर्त्याने एकच प्रश्न विचारला: "कोर्टाने सांगितलेय, तरी गुन्हा का नोंदवत नाहीत? हा कोर्टाचा अवमान नाही का?" त्यावर चहाच्या टपरीपासून वकिलांच्या चेंबरपर्यंत एकच उत्तर ऐकू येत होते: "सरकार वर गेलेय, आता काही करता येत नाही." हे उत्तर अर्धे खरे आहे. पण अर्ध्या सत्यावर विसंबून आपली माणसे गप्प बसतात, आणि त्या गप्प बसण्याचा फायदा कोणाला होतो हे वेगळे सांगायला नको. म्हणून हा विषय नीट उलगडून मांडणे आम्हाला गरजेचे वाटते.

परभणीत काय घडले

थोडी पार्श्वभूमी. १० डिसेंबर २०२४ रोजी परभणी रेल्वे स्थानकासमोरील डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या पुतळ्याजवळ असलेल्या संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली. दुसऱ्या दिवशीच्या बंदला हिंसक वळण लागले आणि पोलिसांनी धरपकड केली. कायद्याचे शिक्षण घेणारे ३५ वर्षांचे सोमनाथ सूर्यवंशी अटक झालेल्यांत होते. १५ डिसेंबरला न्यायालयीन कोठडीत असताना त्यांचा मृत्यू झाला. शवविच्छेदन आपल्याच शहरात, घाटी रुग्णालयात झाले. अनेक जखमांमुळे बसलेला धक्का हे मृत्यूचे कारण असल्याचे प्राथमिक मत डॉक्टरांनी दिले. न्यायदंडाधिकाऱ्यांच्या चौकशीतही पोलिसांवर ठपका ठेवण्यात आला. त्यांच्या आईच्या वतीने ॲड. प्रकाश आंबेडकर यांनी खंडपीठापुढे बाजू मांडली आणि ४ जुलैचा आदेश आला.

खरे तर गुन्हा नोंदवण्यासाठी उच्च न्यायालयाच्या आदेशाचीही गरज पडायला नको होती. दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाली की पोलिसांनी प्राथमिकी नोंदवलीच पाहिजे, हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ललिता कुमारी खटल्यात २०१३ मध्येच सांगून ठेवले आहे. म्हणजे एका आईला पोलीस ठाण्यात पहिल्या दिवशी मिळायला हवी होती ती गोष्ट मिळवण्यासाठी परभणीहून संभाजीनगर आणि संभाजीनगरहून दिल्ली असा न्यायालयीन प्रवास करावा लागला. तिच्या बाजूने आदेश झाल्यावरही ती वाट पाहत होती.

अपील म्हणजे स्थगिती नव्हे

आता मूळ मुद्दा. वरच्या न्यायालयात अपील दाखल केले की खालच्या न्यायालयाचा आदेश आपोआप थांबतो, हा समज चुकीचा आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम ५ मध्ये हे थेट लिहिले आहे: केवळ अपील दाखल झाले म्हणून हुकूमनाम्याची अंमलबजावणी थांबत नाही. त्यासाठी अपील न्यायालयाकडे स्वतंत्र अर्ज करून स्थगिती, म्हणजे आपल्या बोलीतला 'स्टे', मिळवावा लागतो. हा नियम दिवाणी दाव्यांसाठी लिहिलेला असला तरी त्यामागचे तत्त्व रिट आणि फौजदारी याचिकांमधील आदेशांनाही लागू पडते. आदेश आहे, स्थगिती नाही, तर आदेश जिवंत आहे.

सर्वोच्च न्यायालयात सरकार जाते तेव्हा तर आणखी एक पायरी असते. तिथे बहुतेक वेळा थेट अपील नसते. राज्यघटनेच्या अनुच्छेद १३६ खाली विशेष अनुमती याचिका असते. म्हणजे 'आम्हाला अपील करायची परवानगी द्या' अशी विनंती. परवानगी मिळेपर्यंत कायद्याच्या भाषेत अपील अस्तित्वातच नसते. कुन्हायम्मद विरुद्ध केरळ राज्य या २००० सालच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ही मांडणी सविस्तर केली आहे. त्यामुळे "आम्ही सुप्रीम कोर्टात गेलोय" हे वाक्य एखादा अधिकारी तुमच्या तोंडावर फेकतो तेव्हा त्याला विचारायचा प्रश्न एकच: "स्टे मिळाला का? मिळाला असेल तर आदेशाची प्रत दाखवा."

ज्या अधिकाऱ्याला आदेश माहीत आहे, तो पाळणे शक्य आहे, स्थगिती नाही आणि तरी तो जाणूनबुजून पाळत नाही, त्याचे वर्तन न्यायालयाचा अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २(ब) मधील 'दिवाणी अवमान' या व्याख्येत बसू शकते. त्या व्याख्येतला कळीचा शब्द आहे हेतुपुरस्सर. चूक, गैरसमज, खरी अडचण आणि मुद्दाम केलेली टाळाटाळ यांत कायदा फरक करतो. आणि तो फरक कोणत्या प्रकरणात काय आहे, हे फक्त न्यायालय ठरवते. परभणीत अमुक अधिकाऱ्याने अवमान केला, असे आम्ही म्हणत नाही. तो अधिकार आमचा नाही. आम्ही त्या २६ दिवसांकडे व्यवस्थेचा नमुना म्हणून पाहतो आहोत.

मग अवमान याचिका अडखळते कुठे?

कायदा एवढा स्वच्छ असेल तर आठव्या दिवशी अवमान याचिका दाखल करावी आणि पंधराव्या दिवशी अधिकारी तुरुंगात जावा, असे वाटणे स्वाभाविक आहे. प्रत्यक्षात तसे होत नाही आणि त्याला कारणे आहेत.

पहिले कारण सर्वोच्च न्यायालयाच्याच दोन निकालांत आहे. जम्मू-काश्मीर राज्य विरुद्ध मोहम्मद याकूब खान (१९९२) आणि मॉडर्न फूड इंडस्ट्रीज विरुद्ध सच्चिदानंद दास (१९९५). या दोन्हींचा आशय असा की, आदेशाविरुद्ध अपील आणि स्थगितीचा अर्ज प्रलंबित असेल, तर आधी स्थगितीच्या अर्जावर निर्णय व्हावा आणि मग अवमानाची कारवाई पुढे जावी. कारण अवमानाच्या भीतीने आदेश पाळला गेला तर अपीलच निरर्थक होऊन बसते. एखाद्याचे घर पाडले, जमिनीचा ताबा दिला, आणि नंतर अपील जिंकले तर काय उपयोग?

या निकालांचा नेमका अर्थ समजून घेतला पाहिजे. स्थगितीचा अर्ज आधी ऐका, असे ते सांगतात. अपील वर्षानुवर्षे पडून राहील तोवर अवमान याचिकाही पडून राहू द्या, असे ते सांगत नाहीत. सरकारी बाजू मात्र अनेकदा हाच दुसरा अर्थ पुढे रेटते. अपील दाखल करायचे, स्थगितीच्या अर्जासाठी तारीख घेण्याची घाई करायची नाही आणि इकडे अवमान याचिकेत सांगायचे की 'प्रकरण वरच्या न्यायालयात प्रलंबित आहे'. अशा वेळी आपल्या वकिलाने ठामपणे म्हणायला हवे की स्थगितीचा अर्ज तातडीने निकाली काढून घ्या, नाहीतर आदेश पाळा.

दुसरे कारण ३ जानेवारी २०२४ च्या निकालात आहे. अलाहाबाद उच्च न्यायालयाने उत्तर प्रदेशच्या वरिष्ठ अधिकाऱ्यांवर केलेली कारवाई सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली. आदेशाविरुद्ध कायदेशीर मार्गाने दाद मागणे हा अवमान होऊ शकत नाही, असे स्पष्ट केले आणि अधिकाऱ्यांना ऊठसूट कोर्टात बोलावण्यावर मर्यादा घालणारी कार्यपद्धती ठरवून दिली. हे तत्त्व आम्हाला मान्य आहे. अपील करण्याचा हक्क सरकारलाही आहे. तोच हक्क उद्या आपल्यालाही लागणार आहे. पण अपील करण्याचा हक्क आणि स्थगितीशिवाय आदेश न पाळण्याची मोकळीक या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

परत फिरवता येते का, ही कसोटी

आमच्या मते या सगळ्या गुंत्यातून वाट काढणारा प्रश्न असा: आदेश आज पाळला आणि उद्या अपिलात तो चुकीचा ठरला, तर झालेली गोष्ट परत फिरवता येईल का? आणि उलट, आज पाळला नाही आणि उद्या तो बरोबर ठरला, तर गेलेली गोष्ट परत आणता येईल का?

परभणीच्या आदेशाला ही कसोटी लावून पाहा. गुन्हा नोंदवणे म्हणजे कोणाला शिक्षा देणे नव्हे. प्राथमिकी चुकीची ठरली तर उच्च न्यायालय ती रद्द करू शकते. म्हणजे आदेश पाळल्याने सरकारचे कायमचे नुकसान काहीच होत नव्हते.

आता दुसरी बाजू. कोठडीतील मृत्यूचा पुरावा वेळेबरोबर विरत जातो. सर्वोच्च न्यायालयाने परमवीर सिंग सैनी खटल्यात २ डिसेंबर २०२० रोजी देशातल्या प्रत्येक पोलीस ठाण्यात सीसीटीव्ही लावण्याचा आदेश दिला आणि चित्रीकरण १८ महिने जपून ठेवावे, तशी सोय उपलब्ध नसेल तरी किमान एक वर्ष ठेवावे, असे सांगितले. डिसेंबर २०२४ पासून जुलै २०२५ पर्यंत त्या मुदतीतले सात महिने संपलेले होते. साक्षीदारांची आठवण पुसट होते, अधिकाऱ्यांच्या बदल्या होतात, कपडे, नोंदवह्या, मोबाइलच्या नोंदी यांचा माग लागेनासा होतो. इथे एकेक आठवड्याला किंमत आहे. अशा आदेशात स्थगितीचा निर्णय काही दिवसांत व्हावा, आणि तो होईपर्यंत निदान पुरावा सीलबंद करून ठेवावा, एवढी मागणी तर कोणत्याही बाजूने मान्य होण्यासारखी आहे.

समाजशास्त्राच्या वर्गात आम्ही सत्ता म्हणजे काय हे शिकलो. वस्तीत काम करताना कळले की सत्तेचे एक साधे माप आहे: कोण कोणाला वाट पाहायला लावतो. सरकारी वकिलाला तारखेचा पगार मिळतो, तारखेला येणाऱ्या बाईची रोजी बुडते. फाइल पुढे सरकली नाही तर अधिकाऱ्याचे काही बिघडत नाही. घराघरांतली आशा मात्र प्रत्येक तारखेला थोडी झिजते. म्हणून आमच्या दृष्टीने प्रलंबित अपील ही नुसती कायद्याची तांत्रिक बाब राहत नाही. ज्याच्या हातात आदेश अमलात आणण्याचे यंत्र आहे, त्याच्या बाजूला ती आपोआप कलते.

शिक्षा होते का?

अवमानाच्या कायद्यात जास्तीत जास्त शिक्षा सहा महिने साधी कैद किंवा २,००० रुपये दंड, किंवा दोन्ही. न्यायालयाचे समाधान होईल अशी माफी मागितली तर शिक्षा माफही होऊ शकते. त्यामुळे बहुतेक प्रकरणे बिनशर्त माफी आणि उशिराने केलेली अंमलबजावणी यांवर मिटतात. पण नेहमीच नाही.

महाराष्ट्रातले सर्वांत ठळक उदाहरण २००६ चे. जंगलालगतच्या आरागिरण्यांबाबत सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये दिलेल्या आदेशाला बगल देऊन परवानग्या दिल्याबद्दल माजी वनमंत्री आणि तेव्हा राज्याच्या मंत्रिमंडळात असलेले स्वरूपसिंग नाईक आणि वन खात्याचे माजी प्रधान सचिव अशोक खोत यांना १० मे २००६ रोजी प्रत्येकी एक महिन्याची साधी कैद झाली. मंत्र्याच्या खुर्चीतला माणूसही आदेशापेक्षा मोठा नसतो, हे तेव्हा दिसले.

आपल्या वस्त्यांसाठी अधिक जवळचे उदाहरण आंध्र प्रदेशातले आहे. गुंटूर जिल्ह्यात उच्च न्यायालयाची मनाई असताना एका अधिकाऱ्याने गरिबांच्या झोपड्या पाडल्या. उच्च न्यायालयाने त्याला दोन महिन्यांची कैद सुनावली. तोपर्यंत उपजिल्हाधिकारी झालेला हा अधिकारी सर्वोच्च न्यायालयात गेला. मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कैदेऐवजी त्याची तहसीलदारपदावर पदावनती केली आणि एक लाख रुपये दंड लावला. झोपडी पाडली गेली ती गेलीच. पण आदेश धाब्यावर बसवण्याची किंमत स्वतःच्या नोकरीत मोजावी लागते, हा निरोप देशभरच्या महसूल कार्यालयांत गेला.

शिक्षा झालेल्याला अपील करता येते, हेही लक्षात ठेवावे. कलम १९ नुसार एकल न्यायमूर्तींच्या शिक्षेविरुद्ध खंडपीठाकडे आणि खंडपीठाच्या शिक्षेविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात. ते अपील प्रलंबित असताना शिक्षा स्थगित करण्याचा किंवा जामीन देण्याचा अधिकार अपील न्यायालयाला आहे. म्हणजे इथेही कायद्याची रचना तीच: अपील केले म्हणून शिक्षा थांबत नाही, न्यायालयाने थांबवली तरच थांबते.

हाच नियम आपल्याविरुद्धही जातो

इथपर्यंत वाचून माना डोलावणाऱ्यांनी आता एक अवघड गोष्टही ऐकावी. 'अपील म्हणजे स्थगिती नव्हे' हा नियम आपल्या बाजूने वापरायचा असेल, तर तो आपल्याविरुद्ध येतो तेव्हाही मान्य करावा लागतो.

पदोन्नतीतील आरक्षणाचे प्रकरण आठवा. २५ मे २००४ च्या शासन निर्णयाने अनुसूचित जाती, जमाती, विमुक्त जाती, भटक्या जमाती आणि विशेष मागास प्रवर्ग यांना पदोन्नतीत मिळून ३३ टक्के आरक्षण मिळत होते. मुंबई उच्च न्यायालयाने ४ ऑगस्ट २०१७ रोजी तो शासन निर्णय रद्द केला. राज्य सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले. याचिका प्रलंबित राहिली आणि उच्च न्यायालयाचा निकाल लागू राहिला. ७ मे २०२१ रोजी सरकारने नवा शासन निर्णय काढला: पदोन्नतीची सर्व पदे २५ मे २००४ रोजीच्या सेवाज्येष्ठतेप्रमाणे भरायची, सर्वोच्च न्यायालयातील अंतिम निर्णयाच्या अधीन राहून. हजारो मागासवर्गीय कर्मचाऱ्यांच्या वाट्याची पायरी अशा रीतीने एका प्रलंबित याचिकेच्या सावलीत निघून गेली.

आम्ही तेव्हाही या निर्णयाच्या विरोधात होतो, आजही आहोत. पण प्रामाणिकपणे पाहिले तर तिथे 'स्थगिती नाही म्हणून निकाल लागू' हेच तत्त्व वापरले गेले. आमचा आक्षेप त्या तत्त्वावर नाही, ते लावण्याच्या पद्धतीवर आहे. सरकारने सर्वोच्च न्यायालयात जाऊन स्थगितीसाठी जीव तोडून प्रयत्न का केले नाहीत? नागराज (२००६) आणि जर्नेल सिंग (२०१८) या निकालांनी मागितलेली प्रतिनिधित्वाची आकडेवारी गोळा करून नवा, टिकणारा निर्णय वेळेत का आणला नाही? पदोन्नतीही परत फिरवायला कठीण. पंधरा वर्षे वरच्या पदावर बसलेल्या माणसाला खाली आणणे सोपे नसते. म्हणजे इथेही आमची कसोटी तोच प्रश्न विचारते.

दोन्ही प्रकरणे शेजारी ठेवा. २०२१ मध्ये याचिका प्रलंबित असूनही निकालाप्रमाणे पावले उचलली गेली. २०२५ मध्ये सात दिवसांचा आदेश याचिका निकाली निघेपर्यंत लांबला. एकाच राज्यात, एकाच कायद्याखाली प्रलंबित याचिकेचे दोन वेगळे परिणाम दिसले आणि दोन्हींत तोटा एकाच समाजघटकाचा झाला. याला योगायोग म्हणायचे की आणखी काही, हे वाचकांनी ठरवावे. आमची मागणी मात्र सरळ आहे: नियम एकच असू द्या.

महाडचा धडा

या विषयात बाबासाहेबांचे एक उदाहरण आपण पुरेसे आठवत नाही. मार्च १९२७ मध्ये चवदार तळ्याचे पाणी घेतल्यानंतर डिसेंबरमध्ये पुन्हा सत्याग्रह ठरला होता. त्याआधीच काही सवर्णांनी दिवाणी न्यायालयात दावा लावला आणि १४ डिसेंबर १९२७ रोजी बाबासाहेब आणि त्यांच्या सहकाऱ्यांविरुद्ध तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. परिषदेला हजारो लोक जमले होते, अनेकजण हुकूम मोडायला तयार होते. माणसाला पाणी नाकारणारा तो हुकूम अन्यायाचाच होता. तरीही बाबासाहेबांनी परिषदेला सत्याग्रह तहकूब करण्याचा सल्ला दिला. लोक मिरवणुकीने तळ्यापर्यंत गेले, तळ्याला फेरी मारून परत आले आणि पाण्याला कोणी हात लावला नाही.

पुढे २३ फेब्रुवारी १९२८ रोजी मनाई उठली. दावा सुरूच राहिला. १९३१ मध्ये महाडच्या न्यायालयाने निकाल अस्पृश्यांच्या बाजूने दिला, मग अपिले झाली, आणि १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने शेवटचा शब्द दिला. जवळपास दहा वर्षे.

ज्यांच्याकडे सत्ता नव्हती, पोलीस नव्हते, ज्यांच्या विरोधात हुकूम अन्यायाने मिळवला गेला होता, त्यांनी तो पाळला आणि न्यायालयातच लढून उठवला. मग ज्यांच्याकडे सगळी यंत्रणा आहे, त्या सरकारला आदेश पाळण्यात अडचण का यावी? पुढे याच बाबासाहेबांनी २७ मे १९४९ रोजी संविधान सभेत सर्वोच्च न्यायालय हे अभिलेख न्यायालय असेल आणि त्याला स्वतःच्या अवमानाबद्दल शिक्षा करण्याचा अधिकार असेल, ही तरतूद मांडली. आजच्या अनुच्छेद १२९ मध्ये ती आहे आणि उच्च न्यायालयांसाठी अनुच्छेद २१५ मध्ये. न्यायाधीशांचा मान राखण्यापुरती ती तरतूद नाही. आदेशामागे दंडशक्ती नसेल तर मूलभूत हक्क कागदावरच राहतील, म्हणून ती आहे.

कार्यकर्त्यांनी काय करावे

भावनेला हाताशी काम लागते. आमच्या कामातून जमलेल्या काही व्यवहारी सूचना:

१. आदेश हाती आल्याबरोबर प्रमाणित प्रत काढा आणि संबंधित अधिकाऱ्याला पोच घेऊन द्या. 'आम्हाला आदेश मिळालाच नाही' हा पहिला बचाव असतो. आवक क्रमांक आणि तारखेचा शिक्का ही तुमची ढाल.

२. आदेशातले शेवटचे परिच्छेद काळजीपूर्वक वाचा. 'विचार करून निर्णय घ्या' असा आदेश असेल आणि अधिकाऱ्याने विचार करून नकार दिला, तर बहुधा अवमान होत नाही. त्या नकाराला नव्याने आव्हान द्यावे लागते. म्हणून मूळ याचिकेतच वकिलाला सांगा: मागणी नेमकी असावी, मुदत असावी, जबाबदार अधिकारी स्पष्ट असावा. परभणीचा आदेश या बाबतीत नमुनेदार होता.

३. निकाल जिंकला की कॅव्हेट दाखल करा. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४८अ नुसार ते ९० दिवस टिकते. सर्वोच्च न्यायालयातही कॅव्हेटची सोय आहे. आपले म्हणणे न ऐकता स्थगिती दिली जाऊ नये, यासाठी हा सर्वांत स्वस्त उपाय.

४. एक वर्षाची मर्यादा विसरू नका. अवमान अधिनियमाच्या कलम २० नुसार अवमान झाल्यापासून वर्षभरात कारवाई सुरू व्हावी लागते. पल्लव शेठ खटल्यात (२००१) सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की वर्षाच्या आत याचिका दाखल झाली तर पुरे. 'अपिलाचा निकाल लागू दे, मग बघू' म्हणत थांबलेल्यांच्या हातून हाच हक्क निसटतो. अपील प्रलंबित असले तरी याचिका वेळेत दाखल करून ठेवा.

५. पैसा नाही म्हणून थांबू नका. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती, महिला आणि कोठडीतील व्यक्ती यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. जिल्हा न्यायालयांपासून खंडपीठ आणि सर्वोच्च न्यायालयापर्यंत या समित्या आहेत.

६. लिहिताना आणि बोलताना भान ठेवा. कायद्याच्या दृष्टीने अपील निकाली निघेपर्यंत, किंवा अपिलाची मुदत संपेपर्यंत, प्रकरण प्रलंबितच धरले जाते. सुनावणीचा खरा आणि अचूक वृत्तांत देणे अवमान नाही (कलम ४). अंतिम निकाल लागलेल्या प्रकरणावर रास्त टीका करणे अवमान नाही (कलम ५). लोकहितासाठी प्रामाणिकपणे मांडलेले सत्य हा २००६ पासून मान्य बचाव आहे. पण प्रलंबित खटल्यातल्या न्यायाधीशाच्या हेतूवर, जातीवर, नावावर व्हॉट्सअॅप स्टेटस टाकणे हा आपल्याच खटल्याला लावलेला सुरुंग ठरू शकतो. आदेशावर बोला, विलंबावर बोला, सरकारच्या भूमिकेवर खुशाल बोला.

शेवटी

औरंगाबाद खंडपीठ १९८१ मध्ये सुरू झाले ते मराठवाड्यातल्या माणसाला न्यायासाठी मुंबईपर्यंत जावे लागू नये म्हणून. जालना रोडवरच्या त्या इमारतीतून बाहेर पडलेला आदेश परभणीच्या पोलीस ठाण्यात पोहोचायला दिल्लीमार्गे जावे लागत असेल, तर खंडपीठ जवळ आणण्याचा हेतूच अपुरा राहतो. राज्य सरकारने एक साधे धोरण जाहीर करावे: कोठडीतील मृत्यू, ॲट्रॉसिटी आणि निवाऱ्याच्या प्रकरणांत उच्च न्यायालयाच्या आदेशाला आव्हान द्यायचे असेल तर आदेशात दिलेल्या मुदतीच्या आतच स्थगितीचा अर्ज सुनावणीला आणायचा, स्थगिती मिळाली नाही तर मुदत संपण्याआधी आदेश पाळायचा. यासाठी नवा कायदा नको, एक परिपत्रक पुरेसे आहे.

तोवर काम आपले. पुढच्या वेळी कोणी म्हणाले की "सरकार वर गेलेय", तर मान खाली घालू नका. स्थगितीची प्रत मागा, तारीख लिहून घ्या आणि वर्ष मोजायला त्याच दिवसापासून सुरुवात करा.

जय भीम.